पोथ्या दुरुस्त करणाऱ्या काकांचं बिनपाटीचं दुकान: दोन कामांचा अनुभव

शनिवारवाड्यापासून पायी पाच-सात मिनिटांवर, कसब्यातल्या एका वाड्याच्या तळमजल्यावर हे दुकान आहे. पाटी नाही. दारात पुठ्ठ्यांच्या चळती आणि आत हातानं फिरवायचं लोखंडी दाबयंत्र दिसलं की समजायचं, हेच. मालकांनी नाव छापू नका म्हणून सांगितलं. "आहे तेवढंच काम हातून उरकत नाही, बाई," हे त्यांचे शब्द. म्हणून नाव देत नाही. अप्पा बळवंत चौकातल्या जुन्या पुस्तकवाल्यांकडे "पोथ्या दुरुस्त करणारे काका" एवढं विचारलं तरी वाट सांगतात.

मी छत्तीस वर्षं एका महाविद्यालयाच्या ग्रंथालयात काम केलं. निवृत्त झाल्यापासून जुनी मराठी पुस्तकं वस्तू म्हणून पाहते: कागद कुठला, फर्मे (घडी घालून एकत्र शिवलेल्या पानांचे गठ्ठे) किती पानांचे, शिवण कशी, खिळ्यांचं (छपाईच्या सुट्या अक्षरांचं) वळण कुणाचं, पुठ्ठ्यावर कापड कोणतं. या गोष्टी मजकुरात लिहिलेल्या नसतात आणि बांधणीच्या एका फटक्यात पुसल्या जातात. त्यामुळे पुस्तक बाइंडरच्या हाती देताना माझा जीव वरखाली होतो. या दुकानात गेल्या वर्षी दोन कामं दिली. दोन्ही आता घरी आली आहेत, म्हणून लिहिते आहे.

पहिलं काम अ. का. प्रियोळकरांच्या 'द प्रिंटिंग प्रेस इन इंडिया' या पुस्तकाचं. मराठी संशोधन मंडळानं १९५८ साली मुंबईत काढलेलं.

अनंत काकबा प्रियोळकर गोव्यातल्या प्रियोळचे, जन्म १८९५ चा. मराठी संशोधन मंडळाचे संचालक, १९५१ च्या कारवार साहित्य संमेलनाचे अध्यक्ष. १९७३ साली गेले. मराठीचे विद्यार्थी त्यांना रघुनाथपंडिताच्या दमयंती-स्वयंवराचे आणि मुक्तेश्वराच्या आदिपर्वाचे संपादक म्हणून ओळखतात, नाहीतर दादोबा पांडुरंगांचे आणि भाऊ दाजींचे चरित्रकार म्हणून. माझं त्यांच्याशी नातं जडलं ते या छपाईच्या पुस्तकामुळे. हिंदुस्थानात छापखाना आला त्याला १९५६ साली चारशे वर्षं झाली, त्या निमित्तानं त्यांनी ते लिहिलं. इंग्रजीत लिहिलं, पण विचारलेले प्रश्न आपल्याकडे तोवर फार कुणी विचारले नव्हते. ग्रंथात काय सांगितलंय हे बहुतेक जण बघतात. प्रियोळकर बघतात की ते छापायला यंत्र कुठून आलं, अक्षरं कुणी कोरली, आणि छापलेला कागद लोकांनी हातात तरी घेतला का.

६ सप्टेंबर १५५६ ला गोव्याला लागलेल्या जहाजावरचा छापखाना खरं तर ॲबिसिनियाला (आजच्या इथिओपियाला) जायचा होता. तो गोव्यातच राहिला आणि जेझुइट मिशनऱ्यांच्या सेंट पॉल कॉलेजात उभा राहिला. पुढे फादर स्टीफन्सचं क्रिस्तपुराण १६१६ साली छापलं गेलं. भाषा मराठी, ओवी मराठी, पण अक्षरं रोमन, कारण देवनागरीचे खिळेच नव्हते. १६४९ आणि १६५४ साली ते पुन्हा छापलं, आणि तरी त्या तिन्ही छपायांची एकही प्रत आज हाताशी नाही. आपण वाचतो ते हस्तलिखितांच्या आधारानं. छापलेलं हरवलं आणि हातानं उतरवून घेतलेलं टिकलं, हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी पुस्तक मिटून बराच वेळ बसून राहिले होते.

याच पुस्तकात सुरतेचे व्यापारी भीमजी पारेख भेटतात. जुने ग्रंथ छापावेत म्हणून त्यांनी इंग्रज कंपनीकडे मुद्रक मागितला. १६७४ साली हेन्री हिल्स नावाचा मुद्रक आला. त्याला छापता येत होतं, पण इथल्या लिपीची अक्षरं कोरता येत नव्हती. यंत्र होतं, कागद होता, पैसा होता, अक्षर पाडणारा हात तेवढा नव्हता.

असं पुस्तक माझ्याकडे होतं, पण उघडत नव्हतं. माझी प्रत एका ग्रंथालयातून बाद झालेली, जुन्या पुस्तकांच्या दुकानात मिळालेली. कुठल्यातरी बाइंडरनं पूर्वी तिची मूळ शिवण काढून कडेनं आरपार टोचे मारून दोरा ओढला होता. अशा टाक्यांनी पुस्तक घट्ट होतं खरं, पण ते सपाट उघडत नाही, शिवणीजवळचे शब्द आत जातात आणि जोर लावला की जुना कागद टाक्यापाशीच तुटतो. वर त्यानं तिन्ही कडा यंत्रावर छाटल्या होत्या. कुणा जुन्या वाचकानं समासात पेन्सिलीनं बारीक टिपणं केली होती. ती अर्धी कापली गेली. एका पानावर "पाहा मडगां" एवढंच उरलं आहे. पुढचं अक्षर कचऱ्यात गेलं. "मडगांवकर" असणार, असं मला वाटतं, कारण शेजारी 'मुंबईचें वर्णन' लिहिणाऱ्या गोविंद नारायण माडगांवकरांचाच विषय आहे आणि हा वाचक काने गाळतो.

काकांनी पहिल्या दिवशी पुस्तक ठेवून घेतलंच नाही. उजेडात नेलं, पाठीकडून पाहिलं, पानं चाळली, फर्मे मोजले. मग विचारलं, "हे वाचायचंय की कपाटात ठेवायचंय?" मी म्हटलं, टेबलावर उघडं ठेवून शेजारी लिहिता आलं पाहिजे. "मग जुजबंदी करावी लागेल," ते म्हणाले. म्हणजे प्रत्येक फर्म्याच्या घडीतून दोरा घालून, नाड्यांवर एकेक फर्मा शिवत जायचं. जुन्या आरपार टाक्यांमुळे घड्यांची चाळण झाली होती. आधी तो एकेक फर्मा पातळ जपानी कागदानं सांधायचा, मग शिवण. नंतर मी न सांगता म्हणाले, "कडा मी कापणार नाही. मागच्यानं कापल्या त्यात पेन्सिल गेलीय. पुन्हा सरळ करायला घेतल्या तर राहिलेलीही जाईल."

मी तीन दुकानं पालथी घालून इथे आले होते. तिन्हीकडे मला आधी रेक्झिनचे रंग दाखवले गेले. समासातली पेन्सिल कुणाला दिसली नव्हती. या एका वाक्यावर मी पुस्तक त्यांच्या हवाली केलं.

शिवणकाम त्यांच्या सूनबाई करतात. दोऱ्याला मेण ओढून, मांडीवर पाट घेऊन. त्यांचा हात पाहण्यासारखा आहे. दोरा ना सैल ना ताणलेला, आणि फर्मा बदलताना गाठ नेमकी पाठीत बसते. परत आलेलं पुस्तक आता पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत टेबलावर पडून राहतं. शिवणीत गेलेला मजकूर बाहेर आला आहे. त्यांतली काही पानं मी पंधरा वर्षांत पहिल्यांदा पुरती वाचली.

दुसरं काम आजीच्या शिवलीलामृताचं. याबद्दल जरा सविस्तर लिहिते, कारण घरोघरी अशा पोथ्या आहेत आणि त्यांचं नुकसान प्रेमापोटीच होतं.

पोथी शिळाछापाची आहे. पहिलं आणि शेवटचं पान नाही, त्यामुळे छापखाना सांगता येत नाही. पण शिळाछाप ओळखायला ती पानं लागत नाहीत. खिळ्यांच्या छपाईत एका पानावरचे सगळे 'श' एका साच्यातून आलेले, सारखे असतात. इथे प्रत्येक 'श' थोडा वेगळा आहे, कारण लेखनिकानं बोरूनं लिहिलेलं अक्षर दगडावर उतरवून त्याचे ठसे घेतले आहेत. आपल्याकडे ही पद्धत रुजली याला कारण आहे. देवनागरीच्या जोडाक्षरांना खिळ्यांचे ढीग लागत. दगडाला चांगलं अक्षर असलेला एक माणूस पुरे. आणि वाचणाऱ्याला पोथी पोथीसारखीच दिसे.

मुंबईत गणपत कृष्णाजींनी १८३१ च्या सुमारास शिळाप्रेसवर पंचांग छापायला सुरुवात केली. छापलेल्या कागदाला हात लावायला तेव्हा पुष्कळ लोक कचरत, कारण शाईत चरबी असते असा समज. म्हणून गणपत कृष्णाजींनी तुपाची शाई केली. माडगांवकरांनी १८६३ च्या 'मुंबईचें वर्णन' मध्ये छापील कागदाचा हा विटाळ नोंदवून ठेवला आहे आणि प्रियोळकरांनी तो पुढे आणला. आमच्या पोथीच्या शाईत तूप होतं की नव्हतं, कोण जाणे. पण आजी सोवळ्यात हीच छापील पोथी वाचायची, म्हणजे मधल्या काळात एक मोठी लढाई कुणीतरी आमच्यासाठी जिंकून ठेवली होती.

आजी गेल्यावर पानं सुटी राहून हरवतील म्हणून घरातल्यांनी दुसऱ्या गावी एका बाइंडरकडे पोथी दिली. त्यानं ती शिवली. पोथीचं पान आपण पुस्तकासारखं उजवीकडून डावीकडे उलटत नाही, खालची कड धरून वर पालथं करतो. मागचा मजकूर त्या हिशेबानं छापलेला असतो. डाव्या कडेला शिवलं असतं तर एकाआड एक पान उलटं आलं असतं. हे त्याच्या लक्षात आलं असावं, म्हणून त्यानं वरच्या लांब कडेला भिंतीवरच्या कॅलेंडरासारखं शिवलं. प्रत्येक पानाची एक ओळ टाक्यांत गेली. अकरावा अध्याय आईला तोंडपाठ होता म्हणून ती वाचू शकायची. मला ते अडखळत वाचावं लागे.

काकांनी पोथी पाहिली आणि कितीतरी वेळ बोललेच नाहीत. मग म्हणाले, "हिला शिवायचीच नव्हती." पाठोपाठ, आपण लहानपणी ऐकलेला पोथ्यांच्या शेवटचा श्लोक म्हणाले:

तैलाद्रक्षेज्जलाद्रक्षेद्रक्षेच्छिथिलबन्धनात् ।
मूर्खहस्ते न दातव्यमेवं वदति पुस्तकम् ॥

तेलापासून, पाण्यापासून, सैल बांधणीपासून राखा आणि मूर्खाच्या हाती देऊ नका, असं पुस्तक म्हणतं.

"यातलं शिथिलबंधन आमच्या खात्यात. पण बंधन म्हणजे शिवणच असं कुठं म्हटलंय? पोथीचं बंधन म्हणजे फळ्या आणि फडकं."

त्यांनी दोरा एकेक टाका कापत काढला, ओढला नाही. पाठीला लागलेला सरस गरम पाण्याच्या फडक्यानं मऊ करून चाकूच्या बोथट बाजूनं उचलला. टोच्यांची भोकं मागून पातळ कागदानं बुजवली. बुजवताना एकही अक्षर झाकलं नाही, हे मी भिंगातून तपासलं आहे. पोथीच्या मापाच्या दोन सागवानी फळ्या सुताराकडून करून घेतल्या, कोपरे गोल घासून. वर मांजरपाटाचं लाल फडकं. वेखंडाची पुरचुंडी मी घरून दिली.

एका गोष्टीवर आमचा वाद झाला, आणि ती गिऱ्हाईकांनी जरूर विचारावी. काका मैद्याच्या खळीत मोरचूद घालतात. वाळवी आणि कसर लागू नये म्हणून त्यांच्या वडिलांपासून ही रीत आहे, आणि पुण्याच्या बऱ्याच बाइंडरांची आहे. मोरचुदानं किडा लांब राहतो हे खरं. पण त्यातलं तांबं कागद हळूहळू जाळतं. ग्रंथालयात मी अशा खळीनं चिकटवलेल्या पट्ट्यांखाली तपकिरी, कुरकुरीत झालेली पानं शेकड्यांनी पाहिली आहेत. मी म्हटलं, मूळ कागदाला लागेल तिथे मोरचूद नको. ते म्हणाले, मग कसर लागली तर मला बोलायचं नाही. शेवटी मीच तोडगा सुचवला. उन्हाळा होता, घरी कुरडयांसाठी गहू भिजत होते. तीन दिवस पाणी बदलून, वाटून, गाळून खाली बसलेला पांढरा चीक मी डब्यात घालून नेला. जगभरातले कागद जतन करणारे लोक गव्हाच्या याच सत्त्वाची खळ वापरतात. काकांनी तो शिजवला, बोटांत घेऊन ताणून पाहिला आणि म्हणाले, "धरतोय." पोथीचं आणि फर्म्यांच्या घड्यांचं सगळं काम त्या चिकावर झालं. बाहेरच्या पुठ्ठ्याला त्यांची मोरचुदाची खळ राहिली, तिथे मी हट्ट सोडला.

आता व्यवहाराचं. प्रियोळकरांच्या पुस्तकाचे १,४०० रुपये पडले, पोथीचे फळ्या आणि फडक्यासकट २,२००. कामाच्या मानानं मला हे कमीच वाटले. यूपीआय आहे. वेळ मात्र भरपूर लागतो. तीन आठवडे सांगितले होते, लागला अडीच महिन्यांहून जास्त. फोन दुपारी दोननंतर उचलत नाहीत. पावसाळ्यात पोथ्या घेत नाहीत, कारण दमट हवेत खळ वाळत नाही आणि बुरशी धरते. याबद्दल तक्रार करू नये, ते बरोबर आहेत. पावती देत नाहीत, वहीत नोंद करतात. तुम्ही देण्याआधी पानं मोजा, फोटो काढून ठेवा आणि पानांची संख्या त्यांच्या वहीत लिहायला लावा. मी लिहायला लावली, त्यांनी आनंदानं लिहिली.

न आवडलेल्या दोन गोष्टी. एक, पाठीवरची सोनेरी अक्षरं. त्यांच्याकडे पितळी देवनागरी अक्षरांचा एकच संच आहे आणि तो मोठा आहे. "प्रियोळकर" लिहिताना 'ळ' एका बाजूला झुकला आहे आणि पहिली वेलांटी झिजलेली आहे. नाजूक पाठीच्या पुस्तकावर अक्षरं टाकूच नका म्हणून सांगा, कागदी चिठ्ठी बरी. दुसरी, काही बोलला नाहीत तर ते मरून रंगाचं रेक्झिन लावतात. मी सुती कापड मागितलं होतं, तरी पहिल्यांदा रेक्झिनच कापून ठेवलं होतं. सांगितल्यावर कुरकुर न करता बदललं. पण हे दोनदा सांगावं लागलं.

गुळगुळीत कागदाची नवी पुस्तकं, स्पायरल, प्रबंधांचं बाइंडिंग, यासाठी इथे येऊ नका. ते काम पाच मिनिटांच्या अंतरावर चार ठिकाणी झटपट होतं. ज्या पुस्तकात जुन्या माणसांच्या हाताच्या खुणा आहेत आणि त्या तुम्हाला हव्या आहेत, ते पुस्तक इथे आणा.

पुस्तक घ्यायला गेले तेव्हा काकांनी आधी एक पाकीट पुढे केलं. जुन्या बांधणीची पाठ सोडवताना आतून निघालेलं सगळं त्यात होतं: दोऱ्याचे तुकडे, सरसाचा एक पापुद्रा आणि पाठीला बळकटी यावी म्हणून मागच्या बाइंडरनं चिकटवलेली छापील कागदाची एक पट्टी. बाइंडर रद्दीतला हाताला येईल तो कागद पाठीला लावतात. पुस्तकांच्या अभ्यासकांना अशा पट्ट्यांतून कित्येकदा नाहीशा झालेल्या छपाईचे तुकडे सापडले आहेत. ही पट्टी लग्नपत्रिकेची होती. गुलाबी कागद, "चि. सौ. कां." आणि खाली "मिती वैशाख शु", पुढे "शके १८९". शेवटचा आकडा कात्रीत गेलेला.

मी तिथेच दुकानात बसून हिशेब केला. शके १८९० म्हणजे १९६८ चा वैशाख, १८९९ म्हणजे १९७७ चा. म्हणजे प्रत छापल्यावर दहा वर्षांच्या आत ती कुणी उसवलेली नव्हती, मूळची शिवण निदान तोवर शाबूत होती. अर्ध्या कापलेल्या त्या पेन्सिलीच्या टिपणांचा वाचकही छाटणीच्या आधीचा. प्रियोळकर हयात असतानाच कुणीतरी त्यांच्या पुस्तकाच्या समासात "पाहा" म्हणून लिहीत होतं, असं होऊ शकतं. मुखपृष्ठं, खिळ्यांची वळणं, अशाच फाटक्या पुराव्यांवरून त्या माणसानं चारशे वर्षं मागे जाऊन रस्ता काढला होता. माझ्या हातात त्याच्याच पुस्तकातून निघालेली एक गुलाबी पट्टी होती. दुसऱ्या कुठल्याही दुकानात ती झाडूबरोबर गेली असती.

काकांना हे सांगितलं. ते लक्ष देऊन ऐकत होते. मग त्यांनी मागच्या पुठ्ठ्याच्या आतल्या बाजूला कापडाचा एक खिसा लावून दिला, पाकीट बरोबर मावेल एवढा. त्याचे पैसे घेतले नाहीत.

मी विचारलं, तुम्ही पाठीला काय लावलंत? त्यांनी कोऱ्या हातकागदाची पट्टी लावली होती. तिच्या आतल्या अंगाला, पुढचा कुणी सोडवेल त्याला दिसेल अशी, तारीख आणि स्वतःची आद्याक्षरं लिहिली होती, शिवण सूनबाईंची म्हणून शेजारी त्यांचीही. पेन्सिलीनं. शाईनं का नाही, म्हणून विचारलं.

"शाई खळीत फुटते, बाई."